गुलाबाईचा डबा आणि संगणकातली पार्टी



शीर्षक वाचून "आजींनी आता हे काय नवीन काढलं?" असं काही जणांना वाटेल. इतिहास म्हटला की आपण गडकोट, लढाया आणि सनावळ्या काढून बसतो. शाळेत मीही वर्षानुवर्षं तेच शिकवलं, अभ्यासक्रमच तो होता. पण पोरी काय खेळत होत्या यालाही इतिहास असतो. तो पुस्तकात येत नाही, म्हणून इथे लिहिते.

निमित्त आहे 'द सिम्स' नावाच्या संगणकी खेळाचं. पुण्याची माझी नात सातवीत आहे. सुट्टीत शिरपूरला आली की ती लॅपटॉपवर हा खेळ खेळते. यात शत्रू नाही, बंदूक नाही, शर्यत नाही. घर बांधायचं, त्यात माणसं आणायची, त्यांना नोकरीला लावायचं, जेवू घालायचं, झोपवायचं. तिचा आवडता भाग म्हणजे घरी नाचाची पार्टी ठेवणं. पाहुण्यांची यादी करायची, खाण्याचं टेबल मांडायचं, गाणी लावायची, नाचायला जागा मोकळी ठेवायची. एवढं करून एकदा तिची पार्टी पार फसली, कारण पाहुणे आठ आणि न्हाणीघर एकच! मला फार हसू आलं. लग्नघरातल्या कुठल्याही बाईने हे तिला आधीच सांगितलं असतं.

मग मी या खेळाची माहिती काढली. त्याचा कर्ता विल राइट. १९८९ मध्ये त्याने 'सिमसिटी' हा शहर वसवण्याचा खेळ केला होता. १९९१ मध्ये कॅलिफोर्नियातल्या ओकलंडला मोठी आग लागली, त्यात त्याचं घर जळालं. एकेक वस्तू नव्याने घेताना त्याच्या मनात आलं, घराला नक्की काय काय लागतं? आधी त्याला घर रचण्याचाच खेळ करायचा होता. घर चांगलं जमलं की नाही हे सांगायला म्हणून त्याने आत माणसं सोडली आणि पुढे ती माणसंच जास्त गमतीची ठरली. कंपनीतल्या लोकांना मात्र ही कल्पना पटेना. 'बाहुलीघर' असंच तिचं कामापुरतं नाव होतं, आणि बाहुलीघर कोण विकत घेणार? शेवटी फेब्रुवारी २००० मध्ये खेळ बाजारात आला आणि लोकांनी तो डोक्यावर घेतला.

त्यातल्या माणसांना आठ गरजा असतात: भूक, आराम, स्वच्छता, शौच, झोप, करमणूक, सहवास आणि नीटनेटकी खोली. २००१ मध्ये 'हाऊस पार्टी' नावाचा जोडभाग आला. त्यात नाचाची फरशी आली, डीजेचं टेबल आलं. पार्टी रंगली तर ड्रू केरी हा अमेरिकेतला विनोदी नट मोठ्या गाडीतून दाराशी उतरायचा. पार्टी पडली तर तोंडाला पांढरं फासलेला एक मूकनाट्यवाला न बोलावता घरात शिरायचा. २०१४ च्या चौथ्या आवृत्तीत तर पार्टीला पदकं आहेत: कांस्य, रौप्य, सुवर्ण. नाच आणि डीजेगिरी ही शिकायची कौशल्यं म्हणून २०१५ च्या जोडभागात आली. २०२१ मध्ये मुंबईच्या फॅशन स्ट्रीटवरून सुचलेल्या कपड्यांचाही एक संच निघाला. ऑक्टोबर २०२२ पासून मूळ खेळ फुकट झाला, म्हणून तो नातीच्या लॅपटॉपवर पोचला.

पण 'बाहुलीघर' हा शब्द वाचला आणि मी थबकले. लहानसं घर मांडून त्यात माणसं नांदवणं ही हौस संगणकाच्या कितीतरी आधीची.

युरोपात बव्हेरियाचा ड्यूक पाचवा आल्ब्रेख्त याने १५५८ च्या सुमारास एक बाहुलीघर करवून घेतलं होतं. ते मुलांसाठी नव्हतं, वैभव दाखवण्यासाठी होतं. अ‍ॅम्स्टरडॅमच्या राइक्सम्युझियममध्ये पेट्रोनेला ऊर्टमन या बाईंचं बाहुलीघर आहे, साधारण १६८६ ते १७१० मधलं. त्यावर इतका खर्च झाला की त्यात तिथे कालव्याकाठी खरंखुरं घर आलं असतं असं सांगतात. आणि ज्या एडविन लुटेन्सने नवी दिल्ली आखली, त्यानेच १९२० च्या दशकात इंग्लंडच्या मेरी राणीसाठी बाहुलीघर रचलं. ते विंडसरच्या किल्ल्यात आहे.

आपल्याकडे भातुकली. सावंतवाडीची लाखेच्या रंगातली लाकडी खेळणी आपल्याला माहीत आहेत. तांब्यापितळेची इवली पातेली, जातं, पाटा-वरवंटा, शेवयांचा सोऱ्या... पुण्याचे विलास करंदीकर यांनी अशा भातुकलीचा मोठा संग्रह केला आणि ठिकठिकाणी तो लोकांना दाखवला. रुखवतातही ही भांडी मांडत. बाहुला-बाहुलीचं लग्न लागायचं, वरात निघायची, वरातीपुढे पोरं डबे बडवत नाचायची.

त्या खेळाला एक दुखरी बाजूही होती. १९२९ च्या शारदा कायद्याने मुलीच्या लग्नाचं किमान वय ठरवलं ते १४. म्हणजे आज बाहुलीचं लग्न लावणारी पोर वर्ष-दोन वर्षांत स्वतः बोहल्यावर उभी राहायची. १८ वर्षांची अट व्हायला १९७८ उजाडलं. आमच्या आईच्या पिढीत भातुकली म्हणजे खेळही होता आणि तालीमही.

आणि आपल्या खानदेशात या सगळ्याहून वेगळी अशी एक गोष्ट होती, ती म्हणजे गुलाबाई.

बाहेरगावच्या वाचकांसाठी सांगते. पश्चिम महाराष्ट्रात भोंडला किंवा हादगा, विदर्भात भुलाबाई, तशी आमची गुलाबाई. भोंडल्यात पाटावर हत्ती मांडून मुली भोवती फेर धरतात. आमच्याकडे मातीची शंकर-पार्वतीची जोडी घरात बसते, गुलाबाई आणि गुलोजी. भाद्रपद पौर्णिमेला ती यायची आणि कोजागिरीपर्यंत महिनाभर राहायची. गंमत बघा, या महिन्यातच पितृपक्ष येतो. मोठ्यांची शुभकार्यं तेव्हा बंद, पण पोरींचं गाणं चालूच! गुलाबाई म्हणजे माहेरी आलेली पार्वती, मग लेकीला कोण अडवणार?

१९५८-६० च्या सुमारास मी शिरपुरात गुलाबाई खेळले. संध्याकाळी दिवेलागण झाली की दहा-बारा जणींचा घोळका निघायचा. हातात टिपऱ्या. एका घरी जायचं, गुलाबाईपुढे बसून गाणी म्हणायची, मग उठून फेर, फुगड्या. जमीन सारवलेली असायची, तिचे पोपडे निघायचे आणि घरमालकीण कुरकुरायची. मग खाऊ. तो खाऊन लगेच पुढचं घर. गाण्यांत सासर असायचं, सासू-नणंद असायची, माहेरची वाट असायची. जे मोठ्या बायांना उघड बोलता येत नव्हतं, ते आम्ही लहान पोरी टिपऱ्यांच्या तालावर मोठ्याने म्हणायचो आणि ओसरीवर बसलेल्या बाया ते ऐकायच्या. एरवी "पोरीच्या जातीने हळू बोलावं" म्हणणारं घर त्या महिन्यात आमचा गोंगाट ऐकून घ्यायचं. यजमानीण आम्ही आणि पाहुण्याही आम्हीच.

आता मुद्द्याची गोष्ट, डबा.

खाऊ झाकलेल्या डब्यात असायचा. जिच्या घरी खेळ, ती पोर डबा कानाजवळ धरून हलवायची आणि विचारायची, "डब्बामा काय शे?" आम्ही विचारायचो, गोड की तिखट? तळलेलं की भाजलेलं? दाणे खुळखुळ वाजतात, मुरमुरे सळसळतात, लाडू गडगडतो आणि शिरा मुळीच वाजत नाही. ओळखलं तर आम्ही जिंकलो, नाही ओळखलं तर ती.

आमच्या घोळक्यात अडत व्यापाऱ्याची मुलगी होती, तशी शेतात मजुरीला जाणाऱ्या बाईचीही होती. पहिलीच्या डब्यात करंज्या, दुसरीच्या डब्यात भिजवलेले हरभरे. पण झाकण लावलेलं असताना दोन्ही डबे सारखेच! उलट करंजी पटकन ओळखू यायची आणि भिजले हरभरे कुणाला सुचायचे नाहीत. त्या दिवशी ती मजुराची पोर सगळ्यांना हरवून तोऱ्यात बसायची. दुसऱ्या दिवशी श्रीमंत घरची आईला म्हणायची, "मला काहीतरी अवघड दे." तिला महाग नको होतं, अवघड हवं होतं! हा नियम कुणी काढला ठाऊक नाही, पण जिने काढला ती बाई फार शहाणी असली पाहिजे.

'सिम्स'मध्ये नवं घर सुरू करताना २०,००० सिमोलियन मिळतात, ते त्यांचं चलन. पुढे सगळं किमतीवर. भारी पलंगावर झोप लवकर भागते, भारी वाद्यावर करमणूक जास्त होते. स्वतः राइटने हा अमेरिकेच्या खरेदीवेडाला काढलेला चिमटा आहे असं सांगितलंय. वस्तू वाढल्या की मोडतोड आणि साफसफाईही वाढते. नातीला मात्र ती थट्टा कळलेली नाही. पैसे संपले की ती 'रोझबड' असं टाइप करते आणि १,००० सिमोलियन जमा होतात. मी तिला डब्याचा नियम सांगितला. ती विचारात पडली आणि म्हणाली, "पण आजी, मग पॉइंट कशावर मोजायचे?" प्रश्न बरोबर आहे. डब्याला पदक नव्हतं, आणि दुसऱ्या दिवशी पाळी दुसऱ्या घराची असायची. आज जिंकलेली उद्या पाहुणी.

पण जुनं तेवढं सोनं असं म्हणायला मी बसलेली नाही. गुलाबाई गल्लीभर फिरायची, गावभर नाही. कुठल्या ओसरीपर्यंत जायचं आणि कुठून वळायचं, हे कुणी न सांगता आम्हाला कळलेलं असायचं. वर्गात शेजारी बसणाऱ्या काही मुली संध्याकाळच्या घोळक्यात नसायच्या. डब्याच्या झाकणाने गरिबी झाकली, जात झाकली नाही. नातीच्या खेळात पाहुण्यांची यादी उघडली की साऱ्या वस्तीची नावं येतात, आणि बोलावताना आडनावाचा विचार तिच्या मनाला शिवतही नाही. तेवढ्यापुरतं तिचं बाहुलीघर आमच्या गल्लीपेक्षा मोठं आहे, हे मान्य केलं पाहिजे.

आज आमच्या गल्लीत गुलाबाई बसत नाही. बसवायला घरं आहेत, पण घोळका नाही. पोरी क्लासला जातात, आणि माझ्या बरोबरीच्या बऱ्याच जणींची नातवंडं पुण्याला, सुरतेला, नाशिकला. नवरात्रात दांडिया दणक्यात होतो, डीजे असतो. जळगावात केशवस्मृती प्रतिष्ठानतर्फे भुलाबाई महोत्सव भरतो, शाळाशाळांतून मुली येऊन गाणी म्हणतात. चांगलंच आहे, निदान गाणी टिकतील. पण रंगमंचावर डबा हलवून ओळखायचा तर वाजणार किती जणांना? तो खेळ दहा-बारा डोक्यांचा आणि एका खोलीचा.

म्हणून माझ्या वयाच्या खानदेशी मैत्रिणींना एक विनंती. गाणी पुष्कळांनी उतरवून ठेवली आहेत, खाऊ कुणी लिहून ठेवलेला नाही. तुमच्या डब्यात काय असायचं आणि ते हलवल्यावर कसं वाजायचं, हे जरूर लिहा. माझ्या यादीत सध्या सतरा नावं आहेत. सगळ्यात अवघड होती साबुदाण्याची चिकवडी, कारण ती मुरमुऱ्यासारखीच वाजायची आणि आम्ही दर वेळी हरायचो.