कच्चे कातडे, पक्का माल

चामड्याचा धंदा इतर धंद्यांहून एका बाबतीत निराळा आहे. कापसाचा भाव चढला की शेतकरी अधिक कापूस लावतो. तागाला मागणी आली की तागाचे क्षेत्र वाढते. कातड्याचे तसे होत नाही. कातड्यासाठी म्हणून सहसा कोणी गाईम्हशी पाळीत नाही. जनावर पाळले जाते ते दुधासाठी, नांगरासाठी किंवा मांसासाठी. कातडे हे त्याच्या मरणानंतर हाती येणारे दुय्यम उत्पन्न. त्यामुळे बाजारभाव कितीही वधारला तरी कातड्यांची संख्या त्या मानाने वाढत नाही. वाढू शकते ती त्यांची किंमत, आणि ती किंमत ते कातडे कोणी, कोठे व कोणत्या अवस्थेपर्यंत नेले यावर अवलंबून असते. गेल्या दीडशे-पावणेदोनशे वर्षांतील जागतिक चर्मोद्योगाचा इतिहास पाहिला, तर त्यातील बराचसा भाग या पायऱ्यांवर कोणी कोठे उभे राहावयाचे याच झगड्याने व्यापलेला दिसतो. या झगड्यात हिंदुस्थानच्या वाट्याला दीर्घकाळ खालची पायरी आली.

या पायऱ्या कोणत्या, ते आधी पाहिले पाहिजे. सोललेले कातडे उष्ण हवेत लवकर सडू लागते. म्हणून त्याला प्रथम मीठ लावतात. मग ते पाण्यात भिजवून चुन्याच्या कुंडात ठेवतात, म्हणजे केस सुटतात. उलट्या बाजूचे मांस खरवडून काढतात. त्यानंतर झाडाच्या सालीच्या अर्कात ते मुरवले की सालीतील तुरट द्रव्य कातड्याच्या तंतूंशी एकजीव होते आणि कुजणारे कातडे टिकाऊ चामडे बनते. पुढे तेल, रंग आणि झिलई, व शेवटी जोडा, पिशवी किंवा खोगीर. यांतील पहिल्या टप्प्यांत ओल, दुर्गंधी आणि अंगमेहनत असते. नफा मात्र बहुतांशी अखेरच्या टप्प्यांत असतो. हिंदुस्थानात या विषमतेला जातीची जोड मिळाली. महाराष्ट्रातील गावगाड्यात ढोर समाज कातडी कमावी, चांभार जोडे शिवी, मोट व नाडा दुरुस्त करी, आणि या कष्टाचा मोबदला बलुत्याच्या धान्यात मोजला जाई. ज्या मोटेवाचून बागायत अशक्य होती, ती मोट घडविणाऱ्याला गावाच्या कडेला राहावे लागे.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्याच्या सुमारास या गावकामातून समुद्रापारचा व्यापार उभा राहिला, तो मद्रास इलाख्यात. शार्ल द सुसिनी नावाच्या फ्रेंच वंशाच्या गृहस्थाने तेथील जुन्या कृतीत सुधारणा केल्या, असे परंपरेने सांगितले जाते. या व्यापाराचा खरा आधार मात्र एक साधे झुडूप होते. दख्खनच्या कोरड्या माळावर पिवळ्या फुलांनी डवरणारा तरवड महाराष्ट्रातील खेडुतांना परिचित आहे. तमिळ भाषेत त्याला आवारम म्हणतात. या तरवडाच्या सालीने कमावलेले कातडे फिक्या रंगाचे, मऊ व चिवट निघे. उजेडात ते तांबूस पडू नये म्हणून शेवटी त्याला हिरड्याचा हात देत. सह्याद्रीच्या रानांतून गोळा होणारा हिरडा मुंबई बंदरातून युरोपातील कारखान्यांकडेही जात असे. मद्रासचे हे चामडे ‘ईस्ट इंडिया किप्स’ या नावाने लंडनच्या लिलावात विकले जाई व इंग्रजी बुटांचा वरचा भाग त्यातून कापला जाई. ते कमावलेले असे, पण सजवलेले नसे. रंग, झिलई, शिलाई आणि त्यांवरील नफा ही सारी इंग्लंडात राहत.

या व्यापाराला पहिला धक्का अमेरिकेतून बसला. ऑगस्टस शुल्झ या रंगरसायनज्ञाने क्रोमियमच्या क्षारांनी कातडे कमावण्याच्या कृतीचे पेटंट 1884 साली घेतले, आणि 1893 साली मार्टिन डेनिस याने तीच गोष्ट अधिक सोप्या रीतीने साधली. सालीच्या कुंडात ज्या कामाला कित्येक आठवडे लागत, ते आता एक-दोन दिवसांत होऊ लागले. विशेषतः शेळीच्या कातड्याला या कृतीने असा मऊपणा व चकाकी येई की फिलाडेल्फियाच्या कारखान्यांतील ‘किड’ चामड्याने जगभरच्या पादत्राणांची बाजारपेठ व्यापली. त्या कारखान्यांना सालीने कमावलेले कातडे नको होते. त्यांना हवे होते ते कच्चे. परिणाम असा झाला की मद्रासच्या कमावलेल्या शेळ्या-मेंढ्यांच्या कातड्यांचा व्यापार उतरणीस लागला आणि त्यांऐवजी मिठाने खारवलेली कातडी जहाजांत चढू लागली. हिंदुस्थान जेथे उभा होता, तेथूनही एक पायरी खाली आला.

नव्या विद्येला नव्या विद्येने उत्तर देण्याचा प्रयत्न मद्रासमध्येच झाला. आल्फ्रेड चॅटर्टन या इंग्रज अधिकाऱ्याने 1903 च्या सुमारास सरकारी खर्चाने क्रोम चामड्याचे प्रयोग आरंभिले. त्याने प्रथम लक्ष घातले ते परदेशी बाजाराऐवजी शेतकऱ्याच्या विहिरीकडे. सालीने कमावलेले चामडे सतत पाण्यात राहिले की त्यातील द्रव्य झिरपून जाते व मोट कुजते. क्रोमचे चामडे पाण्याला अधिक दाद देत नाही. क्रोम चामड्याच्या मोटा अधिक काळ टिकतात हे ध्यानी येताच त्यांना गिऱ्हाइके मिळू लागली. परंतु सरकारने स्वतः कारखाना चालवावा हे मद्रासच्या युरोपीय व्यापाऱ्यांना रुचले नाही, आणि भारतमंत्री लॉर्ड मोर्ले याने 1910 साली असा निर्णय दिला की सरकारने शिक्षण द्यावे, व्यापार करू नये. कारखाना विकला गेला. खाजगी कारखानदार पुढे ही विद्या शिकले, पण सरकारी पाठबळ नेमके हवे होते तेव्हा काढून घेण्यात आले.

जेथे साम्राज्याची स्वतःची गरज होती, तेथे मात्र या तत्त्वाची आठवण कोणाला झाली नाही. 1857 नंतर लष्कराची सामग्री देशातच तयार व्हावी म्हणून कानपूर येथे खोगिरे व घोड्यांचे साज बनविणारा सरकारी कारखाना उघडण्यात आला होता, आणि 1880 च्या सुमारास तेथेच कूपर ॲलन कंपनीने लष्करी बुटांचे काम हाती घेतले. गंगेचे पाणी, आसमंतातील बाभळीची साल आणि पिढ्यान्‌पिढ्या हे काम करणारे कारागीर यांच्या बळावर कानपूर हे उत्तरेतील चामड्याचे प्रमुख केंद्र बनले. पहिल्या महायुद्धात मद्रासच्या किप्सचे महत्त्व लंडनला नव्याने कळले. सैनिकांच्या बुटांसाठी 1916 साली सरकारने त्यांची खरेदी आपल्या ताब्यात घेतली.

युद्धापूर्वी हिंदुस्थानातील कच्च्या कातड्यांचा व्यापार मुख्यतः जर्मन पेढ्यांच्या हाती होता. युद्ध संपताच, 1919 साली, कच्च्या कातड्यांच्या निर्यातीवर शेकडा 15 कर बसविण्यात आला. वरकरणी हा देशी कारखानदाराचा कैवार होता. पण ही कातडी साम्राज्यातच कमावली जाणार असतील, तर कराचा दोन-तृतीयांश भाग परत मिळे! जर्मनीची वाट अडवून तो माल ब्रिटिश कारखान्यांकडे वळविण्याचाच हा उपाय होता. तो साधला नाही. 1923 साली कर शेकडा 5 वर उतरविण्यात आला आणि सवलतही गेली. तरवडाचीही मक्तेदारी फार काळ टिकली नाही. ऑस्ट्रेलियातून दक्षिण आफ्रिकेत नेऊन लावलेल्या वॉटल वृक्षाची साल मद्रासच्या कुंडांत येऊन पडली. माळावरच्या झुडपाची जागा अशा रीतीने दोन समुद्र ओलांडून आलेल्या झाडाने घेतली.

स्वातंत्र्यानंतर या प्रश्नाकडे प्रथमच देशाच्या हिताच्या दृष्टीने पाहिले गेले. 1948 साली मद्रास येथे केंद्रीय चर्मसंशोधन संस्थेची पायाभरणी झाली. या संस्थेला घडविणारे डॉ. यलवर्ती नायुडम्मा हे स्वतः चर्मरसायनज्ञ होते. प्रयोगशाळेतील ज्ञान कुंडाशी उभ्या असलेल्या माणसापर्यंत पोहोचले पाहिजे, असा त्यांचा आग्रह असे. तथापि निर्यातीचे रूप पालटले ते सीतारामय्या समितीच्या शिफारशींनंतर. 1973 साली कच्च्या कातड्यांची निर्यात बंद करण्यात आली, अर्धवट तयार मालावर मर्यादा घालण्यात आली आणि पक्क्या मालाला उत्तेजन मिळाले. पुढील दोन दशकांत तयार चामडे, जोडे, जोड्यांचे वरचे भाग, पिशव्या आणि कपडे यांनी निर्यातीत प्रमुख स्थान मिळविले. शंभर वर्षे जी पायरी चढता आली नव्हती, ती धोरणाच्या आधाराने चढता आली. हे श्रेय लहान नाही.

परंतु या पायरीवर नेमके कोण चढले, हा प्रश्न उरतोच. वाणियंबाडी, आंबूर, कानपूर येथील कारखान्यांचे मालक बहुधा मुसलमान व्यापारी होते, कारण कातड्याला शिवण्यास त्यांच्या धर्माचा अडसर नव्हता. कुंडात उतरणारे हात बहुतांशी दलितांचेच राहिले. तिरुनेलवेलीकडील अशीच कुटुंबे मुंबईच्या वेशीवर, धारावीतील कातडी कमावण्याच्या कामावर आली. कलकत्त्यात टांग्रा येथे हक्का चिनी कुटुंबांनी हा धंदा नावारूपाला आणला. कारण तेथेही, इतरांनी टाकलेले काम हेच परक्याला मोकळे सापडणारे काम होते. आंबूरच्या जोड्यांच्या कारखान्यांत आज शिलाईच्या यंत्रांवर मोठ्या संख्येने स्त्रिया काम करतात.

या कामाकडे कसे पाहावे याविषयी खुद्द ते करणाऱ्यांमध्ये दोन मार्ग दिसतात. 1927 साली महाड येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मृत जनावरे ओढण्याचे काम सोडून देण्याचे आवाहन केले. त्या कामातून मिळणाऱ्या प्राप्तीपेक्षा त्यासोबत येणारी मानहानी अधिक मोठी आहे, हा त्यांचा निष्कर्ष होता. आग्र्याच्या जाटव समाजाने जोड्यांच्या व्यवसायातून स्वतःचे कारखाने उभारले, शिक्षण मिळविले आणि त्याच बळावर पुढे आंबेडकरी चळवळीत भाग घेऊन अनेकांनी बौद्ध धम्म स्वीकारला. त्यांच्या जोड्यांना सोव्हिएत संघात मोठे गिऱ्हाईक होते. 1991 मध्ये तो संघ लयाला गेला आणि आग्र्यातील अनेक घरांतील काम थांबले. एकाने धंदा टाकून मान मिळविला, दुसऱ्याने धंद्यातून मान मिळविला. दोघांचीही मागणी एकच होती. कोल्हापुरी चपलेला 2019 साली महाराष्ट्र व कर्नाटकातील आठ जिल्ह्यांसाठी भौगोलिक मानांकन लाभले. 2025 च्या जूनमध्ये मिलान येथील एका फॅशन प्रदर्शनात तिच्याच घाटाची पादत्राणे मांडली गेली, तेव्हा तिच्या उगमाचा उल्लेखही प्रथम झाला नव्हता. घाट एकाचा आणि नाव दुसऱ्याचे, ही या व्यापारातील जुनीच रीत होय.

पायरी चढण्याची आणखी एक किंमत नद्यांनी दिली. क्रोमचे क्षार, मीठ आणि चुना यांनी भरलेले पाणी पालार नदीच्या खोऱ्यात वर्षानुवर्षे सोडले गेले. वेल्लोरच्या नागरिकांनी 1991 साली सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली. एक किलो चामडे तयार करण्यास सुमारे 35 लिटर पाणी लागते आणि त्या पट्ट्यातील जवळजवळ 35,000 हेक्टर शेतजमीन अंशतः वा पूर्णतः नापीक झाली आहे, ही माहिती 1996 च्या निकालात नमूद आहे. जो प्रदूषण करील त्यानेच भरपाई द्यावी, हे तत्त्व त्या निकालाने देशाच्या कायद्यात रुजविले. कानपूरच्या जाजमऊ भागातील कारखान्यांना 1987 मध्येच शुद्धीकरणाची व्यवस्था करण्याचा आदेश मिळाला होता. कलकत्त्याच्या कारखान्यांना 1996 मध्ये शहराबाहेर बानतला येथे हलण्यास सांगण्यात आले. तरीही वेल्लोरचा प्रश्न 2025 साली पुन्हा सर्वोच्च न्यायालयासमोर निर्णयासाठी यावा, यावरून ही जखम किती खोल आहे ते कळते.

या सर्व काळात कातडी कमावण्याचे काम बर्मंडसी व फिलाडेल्फिया येथून जवळजवळ नाहीसे झाले. मजुरी महाग झाली हे त्याचे एक कारण. सांडपाण्याचे निर्बंध कडक झाले हे दुसरे. ओले आणि मलिन काम आशिया व दक्षिण अमेरिकेकडे सरकले, आणि नाममुद्रा व दुकाने बव्हंशी होती तेथेच राहिली. म्हणून पक्का माल निर्यात होऊ लागला एवढ्यानेच हिशेब पुरा होत नाही. चामड्याच्या जोड्याची किंमत ठरविताना कुंडाशी उभ्या असलेल्या माणसाची मजुरी, त्याचे आरोग्य आणि त्याच्या गावच्या विहिरीचे पाणी या तीन बाबी खर्चाच्या बाजूला मांडल्या गेल्या पाहिजेत. त्या आजवर बहुधा वगळल्या गेल्या, आणि म्हणूनच हा माल जगाला स्वस्त वाटत आला आहे.