फुले, निळू
फुले, निळू : (१९३०–१३ जुलै २००९). मराठी रंगभूमीवरील व चित्रपटसृष्टीतील ख्यातनाम चरित्र अभिनेते. मूळ नाव नीळकंठ कृष्णाजी फुले. ठोकळेबाज खलनायकाच्या जागी ग्रामीण सत्ताव्यवस्थेतून घडलेला माणूस उभा करणे, हे त्यांच्या अभिनयकार्याचे मुख्य वैशिष्ट्य होय.

फुले यांची जडणघडण पुणे येथे राष्ट्र सेवा दलाच्या समाजवादी वातावरणात झाली. पुण्यातील सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात त्यांनी काही काळ माळीकाम केले. अभिनयाचे रूढ शिक्षण त्यांना लाभले नाही. सेवा दलाचे कलापथक हीच त्यांची शाळा. पु. ल. देशपांडे यांच्या पुढारी पाहिजे ह्या लोकनाट्यातील भूमिकेने ते लक्षात आले, तर शंकर पाटील यांच्या कथा अकलेच्या कांद्याची ह्या वगाने त्यांना व्यावसायिक रंगभूमीवर लौकिक मिळवून दिला. सत्ताधाऱ्यांची थट्टा आणि समोरच्या प्रेक्षकाचा कल ओळखून ऐन वेळी शब्द फेकण्याची हातोटी, हे वगाचे दोन्ही विशेष त्यांनी आत्मसात केले.

ह्याच सुमारास महाराष्ट्राच्या ग्रामीण जीवनात मोठे स्थित्यंतर घडत होते. प्रवरानगर येथील कारखान्यापासून सहकारी साखर कारखानदारी रुजली होती आणि १९६२ मध्ये राज्यात पंचायत राज्य अस्तित्वात आले. त्यांतून सरपंच, सभापती, कारखान्याचा अध्यक्ष अशी नवी सत्तास्थाने निर्माण झाली. अनंत माने दिग्दर्शित एक गाव बारा भानगडी (१९६८) ह्या चित्रपटातील झेलेअण्णा ह्या पहिल्याच भूमिकेत फुले यांनी गावच्या राजकारणातील ही नवी प्रवृत्ती नेमकी टिपली. आरडाओरडा न करता खालच्या पट्टीतील, किंचित घोगऱ्या आवाजात संवाद म्हणणे, शब्दांपूर्वी नजरेने अर्थ पोहोचविणे आणि वाक्याच्या मध्येच थांबून धाक निर्माण करणे, ही त्यांची पद्धती होती. धोतर, टोपी व बेरकी हास्य ह्या बाह्य खुणांचे पुढे पुष्कळ अनुकरण झाले. तथापि त्यांमागील संयम क्वचितच कोणाला साधला.

विजय तेंडुलकर यांच्या सखाराम बाइंडर (१९७२) ह्या नाटकात कमलाकर सारंग यांनी नायकाच्या भूमिकेसाठी फुले यांची निवड केली. परीक्षण मंडळाच्या आक्षेपांमुळे ह्या नाटकाचा वाद उच्च न्यायालयापर्यंत गेला. सखारामची हिंस्रता, त्याचा स्पष्टवक्तेपणा आणि अखेरीची हतबलता फुले यांनी सारख्याच सामर्थ्याने व्यक्त केली. लोकनाट्यातील नट प्रायोगिक स्वरूपाची अवघड भूमिका पेलू शकतो, हे त्यामुळे सिद्ध झाले.

जब्बार पटेल दिग्दर्शित सामना (१९७५) मधील हिंदुराव धोंडे पाटील ही त्यांची सर्वश्रेष्ठ भूमिका मानली जाते. हा साखरसम्राट गावाचे भले करतो आणि गावावर दहशतही बसवितो. श्रीराम लागू यांनी रंगविलेल्या मास्तरच्या एकाच प्रश्नाने त्याचा आत्मविश्वास हळूहळू ढासळत जातो. ही पडझड फुले यांनी देहबोलीतून दाखविली. बर्लिन येथील चित्रपट महोत्सवात हा चित्रपट दाखविला गेला. सिंहासन (१९७९) मध्ये मात्र ते सत्तेच्या खेळाचे साक्षीदार असलेले पत्रकार दिगू टिपणीस झाले, तर जयवंत दळवी यांच्या सूर्यास्त ह्या नाटकात त्यांनी सत्ताधारी मुलाविरुद्ध उभा राहणारा वृद्ध स्वातंत्र्यसैनिक साकारला. सत्ता भोगणारा, पाहणारा आणि नाकारणारा अशा तिन्ही बाजू एकाच नटाने समर्थपणे मांडल्याचे हे विरळा उदाहरण होय.

व्यावसायिक चित्रपटांनी मात्र त्यांना बहुधा एकाच साच्यात अडकविले. ग्रामीण प्रेक्षकांत, विशेषतः स्त्रियांत, पडद्यावरील प्रतिमेमुळे त्यांच्याविषयी तिरस्कार निर्माण झाला. प्रत्यक्षात ते अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीशी निगडित होते आणि सामाजिक कृतज्ञता निधीसाठी झालेल्या नाट्यप्रयोगांत त्यांनी भाग घेतला. ज्या सत्तेला त्यांचा आयुष्यभर विरोध होता, तिचाच चेहरा म्हणून ते ओळखले गेले. ह्या विसंगतीतच त्यांच्या अभिनयाचे मर्म आहे. कारण विरोधकाच्या सावध दृष्टीने त्यांनी ती सत्ता न्याहाळली होती.

सोंगाड्या (१९७१), पिंजरा (१९७२), शापित (१९८२), पुढचं पाऊल (१९८६) हे त्यांचे अन्य उल्लेखनीय मराठी चित्रपट. सारांश (१९८४) ह्या हिंदी चित्रपटातील राजकारण्याची त्यांची भूमिकाही गाजली. संगीत नाटक अकादमीच्या पुरस्काराने त्यांचा गौरव करण्यात आला. पुणे येथे कर्करोगाने त्यांचे निधन झाले.