विक्रीकराची सुट्टी आणि वऱ्हाडचा ग्राहक

कराविषयीची नाराजी जितकी जुनी, तितकीच करमाफीची ओढही जुनी आहे. पेशवाईत नवी पेठ वसवावयाची झाली म्हणजे येणाऱ्या उदमी लोकांना काही वर्षे जकात माफ असल्याचा कौल दिला जाई. ती माफी व्यापाऱ्याला होती. गिऱ्हाइकाला थेट माफी देण्याची कल्पना मात्र अलीकडची असून ती अमेरिकेत रूढ झाली. तिला तेथे ‘विक्रीकराची सुट्टी’ म्हणतात.

तिची रीत अशी. तेथील विक्रीकर राज्याचा असतो आणि तो छापील किमतीत न धरता बिलाच्या शेवटी वेगळा लावला जातो. न्यूयॉर्कच्या लोकांनी कपडे घेण्यासाठी नदीपलीकडच्या न्यू जर्सीत जावे, कारण तेथे कपड्यांवर कर नव्हता. हे गिऱ्हाईक परत यावे म्हणून न्यूयॉर्क राज्याने जानेवारी १९९७ मध्ये एक आठवडा कपड्यांवरील आपला कर सोडला. टेक्सासने १९९९ मध्ये शाळा उघडण्यापूर्वीचे तीन दिवस निवडले आणि शंभर डॉलरांच्या आतील कपडे-जोडे करमुक्त केले. येथे एक मेख आहे. वस्तू एकशे दहा डॉलरांची असली, तर सामान्यतः वरच्या दहा डॉलरांवर नव्हे, सबंध एकशे दहांवर कर बसतो.

आपल्या जिल्ह्याला ही सरहद्दीची गोष्ट परकी वाटू नये. बुलढाण्याच्या दक्षिणेस निजामाचे राज्य होते. तेथे मालावर करोडगिरी द्यावी लागे. देऊळगाव राजाहून जालन्यास जाणारा माणूस हद्द ओलांडताच दुसऱ्या करव्यवस्थेत जात असे.

विक्रीकराच्या इतिहासात तर आपल्या प्रांताला विशेष मान आहे. मध्यप्रांत व वऱ्हाडच्या विधिमंडळाने १९३८ मध्ये मोटारीच्या तेलांच्या किरकोळ विक्रीवर शेकडा पाच कर बसविला. जिल्ह्याचे ठाणे घाटावर. रेल्वे खाली मलकापूर-नांदुरा-शेगावकडे. बुलढाणा, चिखली, मेहकर येथे मोटारीनेच जावयाचे. तेव्हा हा कर आपल्या लोकांच्या प्रवासाशी निगडित होता, हे उघड आहे. दिल्ली सरकारने हरकत घेतली, की हे उत्पादनशुल्कच असून ते आमच्या अधिकारातील आहे. प्रश्न नव्या फेडरल कोर्टापुढे गेला. सर मॉरिस ग्वायर, न्या. सुलेमान आणि आपले न्या. मुकुंदराव जयकर यांनी प्रांताच्या बाजूने मत दिले. उत्पादनावरील कर वेगळा, विक्रीवरील कर वेगळा, हा भेद तेथे स्थिर झाला. पुढील वर्षी मद्रास प्रांताने सर्वसाधारण विक्रीकर आणला.

आपल्या प्रांतात तो १९४७ च्या कायद्याने आला. त्यात करमुक्त जिनसांची यादी जोडलेली होती. या यादीची सुट्टी तीन दिवसांची नव्हती, बारमाही होती; पण यादीतील शब्दांवर सारे अवलंबून होते. शेजारच्या अकोल्यात विड्याच्या पानांवर कर मागितला गेला. व्यापाऱ्याचे म्हणणे, की पान ही भाजीच आहे आणि भाजी करमुक्त आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये निर्णय दिला, की शब्दाचा अर्थ वनस्पतिशास्त्रावरून न घेता बाजारातील माणसाच्या बोलण्यावरून घ्यावा, आणि विड्याचे पान मागणारा कोणीही भाजी मागत नाही. पानावर कर कायम राहिला.

पुढे बुलढाणा १९५६ मध्ये मुंबई राज्यात आले. २००५ मध्ये मूल्यवर्धित कर व १ जुलै २०१७ पासून वस्तू व सेवा कर सुरू झाला. या व्यवस्थेत सवलत द्यावयाची तर केंद्र व राज्ये यांच्या परिषदेची शिफारस लागते. आपली खरेदी गुजरात किंवा मध्य प्रदेशाकडे वळू नये म्हणून महाराष्ट्राने परस्पर आठवडाभर कर सोडावा, ही गोष्ट आता शक्य नाही.

तथापि, सुट्टीचे मर्म २२ सप्टेंबर २०२५ रोजी आपण पाहिले. घटस्थापनेच्या दिवशी साबण, टूथपेस्ट, केशतेल यांवरील कर अठरा टक्क्यांवरून पाचवर आला. वह्या करमुक्त झाल्या. अडीच हजारांपर्यंतच्या कपड्यांना पाच टक्के, त्यावरच्यांना अठरा. कपात जाहीर होताच पुष्कळांनी मोठी खरेदी पुढे ढकलली. अमेरिकेतील सुट्टीवर अर्थशास्त्रज्ञांचा आक्षेप हाच आहे, की तिने खरेदी वाढण्यापेक्षा तिची तारीख बदलते. शिवाय दुकानदाराने स्वतःची सूट आखडती घेतली, तर माफीचा वाटा त्याच्या गल्ल्यात जातो.

आपल्याकडे धोका अधिक आहे. छापील कमाल किमतीत कर आधीच मिसळलेला असतो. म्हणून कर उतरला तरी किंमत उतरली की नाही, हे गिऱ्हाइकाला सहजी दिसत नाही. त्यातच ज्याच्या हाती पैसा कापूस-सोयाबीन विकल्यावरच येतो, त्याला सरकारने ठरविलेल्या तीन दिवसांच्या सुट्टीचा काय उपयोग? ती सुट्टी महिन्याच्या महिन्याला पगार घेणाऱ्याला फळते. कास्तकाराच्या घराला १९४७ च्या यादीसारखी बारमाही माफीच उपयोगी.

म्हणून करमाफीची घोषणा कानी आली, की चार गोष्टी विचाराव्यात : कोणत्या वस्तूवर, किती किमतीपर्यंत, कोणत्या दिवसांत, आणि कालची किंमत काय होती? यांपैकी चौथ्या प्रश्नाचे उत्तर कोणत्याही राजपत्रात सापडत नाही. ते गिऱ्हाइकाने घरी जपून ठेवलेल्या जुन्या बिलातच सापडते.