दामदुपट ते मासिक हप्ता : धाराशिव परिसराच्या संदर्भात गहाणाच्या दीर्घकालीन किमतीचा ऐतिहासिक विचार

प्रस्तावना

'घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून' ही म्हण मराठी माणसाला परिचित आहे. या म्हणीत घरासाठी लागणारे कष्ट व खर्च गृहीत धरले आहेत, परंतु व्याजाचा उल्लेख नाही. कारण ही म्हण रूढ झाली त्या काळी घर सहसा साठवलेल्या पैशातून, सवडीने व टप्प्याटप्प्याने उभे राहत असे. गहाण पडत असे ती जमीन आणि तेही बहुधा बी-बियाणे, सारा, लग्नकार्य किंवा दुष्काळ यांसाठी. आज स्थिती उलट आहे. महाविद्यालयीन अध्यापकांसह पगारदार वर्गातील अनेकांचे घर उभे राहते तेच गहाणावर आणि त्याचा हप्ता पंधरा-वीस वर्षे वेतनातून वळता होत राहतो.

या गृहकर्जाविषयी एक विधान वारंवार ऐकू येते : 'पूर्वी दामदुपटीचा नियम होता, मुद्दलाइतक्या व्याजावर सावकाराला थांबावे लागे, आज बँका दुपटीहून अधिक घेतात आणि कायदा गप्प बसतो.' हे विधान ऐतिहासिकदृष्ट्या कितपत खरे आहे, याची तपासणी करणे आणि त्या निमित्ताने गहाणाची खरी दीर्घकालीन किंमत कशात दडलेली असते याचा शोध घेणे, हे प्रस्तुत लेखाचे उद्दिष्ट आहे.

१. मिताक्षरेतील दामदुपट व तिच्या दोन वाटा

उमरग्यापासून जवळच असलेले बसवकल्याण ही कल्याणीच्या चालुक्यांची राजधानी होती. सहाव्या विक्रमादित्याच्या (इ. स. १०७६ ते ११२६) काळात येथेच विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवरील 'मिताक्षरा' ही टीका रचली. तिच्या व्यवहाराध्यायातील ऋणादान प्रकरणात व्याज आणि गहाण यांचा तपशीलवार विचार आढळतो. गहाणाला तेथे 'आधि' ही संज्ञा आहे. धन दुप्पट होईपर्यंत आधी सोडवला नाही तर तो धनकोचा होतो, मात्र ज्याचे फळ धनको उपभोगतो असा आधी नष्ट होत नाही, असा स्मृतीचा नियम आहे. पुढील काळातील नजरगहाण व ताबेगहाण या भेदाचे मूळ रूप येथे दिसते.

दामदुपटीचा मूळ नियम मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात आहे. पैशाच्या कर्जावरील वाढ दुपटीपलीकडे जाऊ नये, असे तो सांगतो. परंतु त्यात 'सकृत्', म्हणजे 'एकाच वेळी', हा शब्द आहे आणि सारा अर्थ त्यावर अवलंबून आहे. मिताक्षराकाराने तो स्पष्ट केला आहे. एकदाच दिलेले कर्ज एकदाच वसूल करायचे असेल तर मर्यादा दुपटीची. पण जुना व्यवहार मोडून नवा केला, तर रक्कम पुन्हा पूर्वीप्रमाणे वाढू लागते. तसेच व्याज दररोज, दरमहा किंवा दरवर्षी घेतले जात असेल, तर आधी घेतलेले व्याज धरून एकूण रक्कम दुपटीच्या पुढे जाऊ शकते.

याचा अर्थ असा की दामदुपट हा ऋणकोने आयुष्यभरात भरावयाच्या एकूण व्याजावरील निर्बंध कधीच नव्हता. तो साचलेल्या, थकलेल्या व्याजावरील निर्बंध होता. त्यातून बाहेर पडण्याच्या दोन वाटा होत्या : एक व्यवहाराच्या नूतनीकरणाची आणि दुसरी नियतकालिक वसुलीची. पहिल्या वाटेचा इतिहास एकोणिसाव्या शतकातील दख्खनमध्ये दिसतो, तर दुसरीचा आज आपल्या वेतनपत्रकात.

२. पहिली वाट : कर्जरोख्याचे नूतनीकरण

१८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या कर्जरोख्यावर दावा करण्यासाठी तीन वर्षांची मर्यादा घातली. हेतू ऋणकोच्या संरक्षणाचा होता. प्रत्यक्षात मुदत संपण्यापूर्वी सावकार नवा रोखा लिहून घेऊ लागला. नव्या रोख्यात जुने मुद्दल व थकलेले व्याज एकत्र करून सारी रक्कम 'मुद्दल' म्हणून दाखवली जाई. तीन वर्षांनी पुन्हा तेच. दुपटीचा नियम कायम राहिला, पण दुप्पट कशाची करायची तो आकडाच दर वेळी बदलत गेला.

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे उठाव झाला आणि तो पुणे व अहमदनगर जिल्ह्यांतील गावांत पसरला. या उठावात लोकांचा मुख्य रोख सावकारांच्या दप्तरांवर होता. रोखे हिसकावून घेणे व जाळणे हे त्याचे प्रधान रूप होते. न वाचता येणाऱ्या कागदात आपले कर्ज कसे वाढते, हे शेतकऱ्याला समजत नव्हते. मात्र ते त्या कागदातच वाढते हे त्याने अचूक ओळखले होते.

चौकशी आयोगानंतर १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्यता कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांना तो प्रथम लागू झाला. रोख्यावरील आकडा अंतिम न मानता व्यवहाराच्या आरंभापर्यंत मागे जाऊन मुद्दल व व्याज यांचा वेगळा हिशेब काढण्याचा अधिकार न्यायालयाला मिळाला. दस्तऐवज ग्रामनिबंधकासमोर लिहिला जावा व तो शेतकऱ्याला समजावून सांगितला जावा, अशी तरतूद झाली. भरलेल्या रकमेची पावती, वार्षिक हिशेब व खातेपुस्तक मागण्याचा हक्क ऋणकोला मिळाला. व्याजाच्या मर्यादेइतकेच महत्त्व या कायद्याने हिशेबाच्या दृश्यतेला दिले, ही त्यातील मूलगामी बाब होय.

३. सीमेच्या अलीकडे : धाराशिव

हा कायदा सोलापूर जिल्ह्यातील बार्शी तालुक्याला लागू होता. त्याला लागूनच असलेला धाराशिव परिसर निजामाच्या राज्यात होता. १८५३ च्या तहाने नळदुर्ग-धाराशिवचा मुलूख कंपनी सरकारकडे गेला होता, पण १८६० मध्ये तो निजामाला परत मिळाला. त्यामुळे एकाच बोलीचा, एकाच बाजारपेठेशी जोडलेला प्रदेश दोन कायद्यांत विभागला गेला. १८९७ मध्ये सुरू झालेली बार्शी लाइट रेल्वे १९११ पर्यंत येडशीमार्गे लातूरला पोहोचली. शेतमाल व पैसा यांना सीमा ओलांडणे सुलभ झाले. ऋणकोच्या संरक्षणाची कलमे मात्र सीमेपलीकडेच राहिली. हैदराबाद संस्थानात सावकारीचे नियमन करणारा अधिनियम १३४९ फसलीत, म्हणजे १९३९-४० मध्ये झाला. दख्खन कायद्यानंतरचे हे अंतर साठ वर्षांचे, म्हणजे जवळजवळ तीन पिढ्यांचे आहे.

१९४८ च्या मुक्तीनंतर व १९५६ मधील राज्यपुनर्रचनेनंतर हा जिल्हा मुंबई राज्याच्या आणि १९६० पासून महाराष्ट्राच्या कायदेव्यवस्थेत आला. १९४६ च्या मुंबई सावकारी अधिनियमात थकीत व्याजापोटी मुद्दलापेक्षा अधिक रकमेचा हुकूमनामा न्यायालयाने देऊ नये, अशी तरतूद होती. त्याची जागा पुढे २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियमाने घेतली. मात्र बँकांची कर्जे या दोन्ही अधिनियमांच्या कक्षेबाहेर राहिली. बँकिंग नियमन अधिनियमात १९८४ मध्ये कलम २१-अ समाविष्ट झाले. बँकेने आकारलेला व्याजदर अवाजवी आहे, एवढ्याच कारणावरून न्यायालयाला तो व्यवहार पुन्हा उघडता येणार नाही, असे या कलमाने ठरवले. १८७९ मध्ये न्यायालयासाठी उघडलेले दार बँकांपुरते अशा रीतीने बंद झाले. दामदुपटीचा एक अवशेष मात्र टिकून राहिला. रिझर्व्ह बँकेच्या २०१६ च्या निर्देशांनुसार अल्प व अत्यल्प भूधारकांच्या अल्पमुदतीच्या कर्जखात्यात टाकलेले एकूण व्याज मुद्दलापेक्षा अधिक होता कामा नये. गृहकर्जाला असा आधार नाही.

४. घर हेच तारण

हुडको १९७० मध्ये, एचडीएफसी १९७७ मध्ये व राष्ट्रीय आवास बँक १९८८ मध्ये सुरू झाली. त्यातून घरासाठी दीर्घ मुदतीच्या कर्जाची व्यवस्था हळूहळू जिल्ह्याच्या गावांपर्यंत पोहोचली. आपल्या भागात या बदलाला आणखी एक संदर्भ आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटेच्या भूकंपाने लातूर व तत्कालीन उस्मानाबाद जिल्ह्यांतील दगड-मातीच्या जाड भिंतींची, मातीच्या माळवदांची घरे जमीनदोस्त केली. बाधित गावांचे पुनर्वसन शासकीय व स्वयंसेवी मदतीतून झाले. परंतु सिमेंट व लोखंडाचे घर म्हणजेच सुरक्षित घर, ही धारणा त्यानंतर परिसरात दृढ झाली. शिवारातील दगड, माती व घरच्या श्रमातून घर बांधता येत होते. सिमेंट-लोखंडाला रोख रक्कम लागते. ती रोख रक्कम पगारदार माणसाला गृहकर्जातूनच मिळू शकते.

५. दुसरी वाट : मासिक हप्ता

वीस लाख रुपयांचे कर्ज, नऊ टक्के वार्षिक दर व वीस वर्षांची मुदत असे उदाहरण घेऊ. मासिक हप्ता सुमारे १७,९९५ रुपये येतो. पहिल्या हप्त्यातील १५,००० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल केवळ २,९९५ रुपयांनी घटते. पाच वर्षांत सुमारे १०.८० लाख भरूनही मुद्दल फक्त २.२६ लाखांनी कमी होते. दहा वर्षांनी २१.५९ लाख भरून झालेले असतात, म्हणजे घेतलेल्या रकमेपेक्षा अधिक, तरी १४.२१ लाख देणे शिल्लक असते. अखेरीस एकूण भरणा ४३.१९ लाखांचा होतो व त्यात व्याज २३.१९ लाखांचे असते.

येथे दामदुपट ओलांडली गेली का? मिताक्षरेच्या निकषाने नाही. कारण व्याज दरमहा घेतले जात आहे आणि कोणत्याही क्षणी थकलेले व्याज मुद्दलाइतके होत नाही. विज्ञानेश्वराने दाखवलेली दुसरी वाट ती हीच. म्हणून प्रारंभी नोंदवलेले लोकप्रिय विधान अचूक ठरत नाही.

पण पहिली वाटही पूर्णपणे बंद झालेली नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाह्य निर्देशांकाशी, बहुधा रेपो दराशी, जोडली गेली. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर चार टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर गेला. पावणेसात टक्क्यांच्या दराने वीस वर्षांसाठी घेतलेल्या वीस लाखांचा हप्ता सुमारे १५,२०७ रुपये होतो. सारे मुद्दल शिल्लक असताना दर सव्वानऊ टक्के झाला, तर केवळ एका महिन्याचे व्याजच १५,४१७ रुपये होते. हप्ता तोच ठेवला तर तो व्याजालाही पुरत नाही आणि उरलेले व्याज मुद्दलात मिळते. कर्जदाराला हप्ता बदललेला दिसत नाही. बदलते ती मुदत. रोखा नव्याने लिहिला जात नाही, परंतु परिणाम जुन्या नूतनीकरणासारखाच असतो. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने खाली आला, तरी लांबलेली मुदत आपोआप मूळ ठिकाणी आली असेल असे गृहीत धरता येत नाही. ते प्रत्येकाने आपल्या खात्यात तपासून पाहावे लागते.

६. एक आक्षेप

या मांडणीवर अर्थशास्त्राच्या अभ्यासकांकडून आक्षेप येऊ शकतो आणि तो योग्य आहे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका मोलाचा नसतो, वेतन वाढते, भाडे वाचते, घराची किंमतही वाढू शकते. म्हणून २३.१९ लाख ही रक्कम म्हणजे निव्वळ तोटा नव्हे. बँक व सावकार यांना एकाच मापाने मोजणेही अनैतिहासिक ठरेल. तथापि हा आक्षेप एक गोष्ट गृहीत धरतो : वीस वर्षे अखंड उत्पन्न. वारंवार अवर्षण सोसणाऱ्या जिल्ह्यात शेतीवर किंवा विनाअनुदानित नोकरीवर अवलंबून असणाऱ्या घराला ही खात्री नसते. शिवाय २००२ च्या सरफेसी कायद्यानुसार, खाते अनुत्पादक ठरल्यावर साठ दिवसांच्या नोटिशीनंतर बँक न्यायालयीन दाव्याविना तारण ताब्यात घेण्याची कार्यवाही सुरू करू शकते. गहाणाच्या खऱ्या किमतीत या जोखमीचाही समावेश करावा लागेल.

निष्कर्ष

गहाणाची किंमत व्याजदरापेक्षा मुदतीत अधिक दडलेली असते. वरील उदाहरणात वीसऐवजी पंधरा वर्षांची मुदत घेतली, तर हप्ता सुमारे २,२९० रुपयांनी वाढतो व एकूण भरणा ६.६७ लाखांनी घटतो. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाची मुदतपूर्व परतफेड केल्यास बँकांना दंड आकारता येऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच ठरवले आहे.

दुसरे असे की, मर्यादेचे संरक्षण गेल्यानंतर ऋणकोपाशी उघड हिशेबाचे संरक्षण उरते. ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने दर बदलताना हप्ता वाढवावा की मुदत, याची निवड कर्जदाराला देण्यास आणि वसूल मुद्दल, वसूल व्याज व शिल्लक हप्ते दाखवणारे त्रैमासिक विवरण देण्यास बँकांना सांगितले. १ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जांसाठी वार्षिक खर्चाचा एकत्रित दर दाखवणारे मुख्य तथ्य विवरण, कर्जदाराला समजेल अशा भाषेत, देणे बंधनकारक झाले. १८७९ च्या कायद्यातील समजावून सांगण्याची अट, वार्षिक हिशेब व खातेपुस्तक यांचेच हे आधुनिक वारस होत.

१८७५ च्या शेतकऱ्याला आपला रोखा वाचता येत नव्हता. आपल्याला वाचता येतो. विद्यार्थ्यांना दख्खनच्या उठावाचा पाठ शिकवणाऱ्या अध्यापकाने आपल्या कर्जखात्याचे विवरण किमान वर्षातून एकदा मुद्दल, व्याज व शिल्लक मुदत अशा तीन रकान्यांत मांडून पाहावे, एवढीच अपेक्षा या इतिहासातून व्यक्त करावीशी वाटते.