पांढरीची स्मृती : वास्तू, स्थान आणि संहिता

वास्तुशैलीचा विचार सामान्यतः आकार, अलंकरण आणि आश्रयदाता या तीन अंगांनी केला जातो. यादवकालीन मंदिर, बहमनी किल्ला, पेशवाईतील वाडा ही नामावळी याच दृष्टीतून सिद्ध झाली. तीत सामूहिक स्मृतीला जागा नाही. स्मृतीवर उभारलेली वास्तुशैली कल्पितातच शोभावी, असा समज त्यामागे असावा. देवणी, उदगीर, औसा या परिसरातील माळवदी घरांचा इतिहास मात्र हा समज तपासून पाहायला लावतो.

स्मृती ही व्यक्तीच्या मनात नव्हे, तर समाजाने पुरवलेल्या चौकटीत आकार घेते, हे प्रतिपादन मोरिस हाल्बवाक्स याने १९२५ मध्ये केले. आल्दो रोस्सी याने १९६६ मध्ये नगर हेच नागरिकांच्या सामूहिक स्मृतीचे स्थान मानले. मराठी अभ्यासकाला या विचाराची ओळख पाश्चात्त्य ग्रंथांतून झाली असली, तरी त्याचा पुरावा मराठी गद्याच्या प्रारंभीच सापडतो. चक्रधरांच्या प्रयाणानंतर म्हाइंभटांनी प्रत्यक्षदर्शींच्या आठवणी गोळा करून तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले. पुढे ‘स्थानपोथी’ने त्या लीळा जिथे घडल्या त्या जागांची नोंद केली : देऊळ कोणते, दार कोणत्या दिशेला, बैठक नेमकी कुठे. अशा स्थानांवर बांधलेला महानुभावीय ओटा शिल्पदृष्ट्या अगदी साधा असतो. त्याचा अर्थ त्याच्या आकारात नाही; तो संहिता आणि स्थान यांच्या परस्परसंबंधात आहे. देऊळ पडले तरी पोथी जागा दाखवते आणि ओटा पोथीची साक्ष देतो.

मराठवाड्यातील गावात हा संबंध लिखित नव्हता, पण भाषेत मुरलेला होता. शेतजमीन ती काळी आणि गावठाण ती पांढरी. पांढरी म्हणजे केवळ मातीचा रंग नव्हे. पडलेल्या भिंती, चुलींची राख आणि पिढ्यान्‌पिढ्यांचा वावर यांतून साचलेली ती भूमी होय. माळवदावर पसरली जाई ती पांढरी मातीच. लाकडी खांब, तुळया, त्यांवर लादणी आणि वर मातीचा थर अशी या घराची रचना. घराचे माप खणांत मोजले जाई. ढाळजेत पुरुषांची बैठक, आत ओसरी, माजघर, धान्याचे बळद आणि त्याच आवारात गुरे. ज्या प्रदेशाने गोवंशाच्या एका जातीला देवणी हे आपल्या गावाचे नाव दिले, तेथे गोठा घराबाहेरचा मानला गेला नाही, यात नवल नाही. अशा घरात स्मृती शोभेसाठी नसते. ती छप्पर होऊन डोक्यावर असते.

नेमके तेच छप्पर ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे घातक ठरले. किल्लारी आणि सास्तूरच्या परिसरात सुमारे आठ ते दहा हजार माणसे मृत्युमुखी पडली. गळती थांबावी म्हणून वर्षानुवर्षे माळवदावर मातीचे थर चढत गेले होते. चिखलात रचलेल्या जाड दगडी भिंतींमध्ये आरपार सांधणारे दगड नव्हते. जिने घर थंड ठेवले, तीच माती जिवावर उठली. म्हणून या वास्तूचे गौरवगान करताना कोणत्याही अभ्यासकाने या पहाटेला वळसा घालणे अप्रामाणिकपणाचे ठरेल.

पुनर्वसनात ५२ गावे नव्या जागी वसविण्यात आली. जमीनधारणेनुसार २५०, ४०० आणि ७५० चौरस फुटांची घरे ठरली. बांधकाम सुरक्षित झाले, हे निर्विवाद आहे. परंतु खणाचे माप चौरस फुटांत गेले, तेव्हा ढाळज आणि बळद ही पदे घराच्या व्याकरणातून गळाली. त्याहून मोठा बदल असा की, संपादित शेतजमिनीवर वसलेले गाव पांढरीवरून काळीवर गेले. नावे तीच राहिली; ‘जुनी’ आणि ‘नवी’ ही विशेषणे त्यांना चिकटली.

अर्थात जुन्या पांढरीची स्मृती निरागस नव्हती. गावकूस कोणाला आत घेई आणि कोणाला बाहेर ठेवी, हे त्याच रचनेत कोरलेले होते. वेशीबाहेर राहिलेल्यांच्या लेखी जुना आराखडा मोडणे हे केवळ नुकसान कसे असेल? सामूहिक स्मृती ही संज्ञा वापरताना समूह कोणता, हा प्रश्न म्हणूनच टाळता येत नाही. वाड्याच्या ढाळजेतून आणि गावकुसाबाहेरून आठवलेले गाव एकच नसते.

येथे ‘स्थानपोथी’चे उदाहरण पुन्हा उपयोगी पडते. तिने वास्तू जतन केली नाही, स्थाननिर्देश जतन केला; वास्तू नाशवंत आहे, हे तिने जणू गृहीतच धरले. माळवद पुन्हा बांधावे, असा आग्रह आज कोणी धरू नये; देवणी परिसरातही सिमेंटचे छत त्याची जागा घेत आहे. मात्र कोणाचे घर कुठे होते, वेस कोणत्या दिशेला होती, कोणाला कुठवर येण्याची मुभा होती, हे सांगू शकणारी पिढी ओसरत चालली आहे. तिच्याकडून हे सर्व, त्यातील अन्यायासह, टिपून घेणे हे स्थापत्यशास्त्राचे काम नव्हे. ते म्हाइंभटांच्या वारसदारांचे, म्हणजे मराठीच्या अभ्यासकांचे काम आहे.