रास आणि राशी

सजातीय पदांची बेरीज इंग्रजी शाळांबरोबर आली, हा समज टिकत नाही. भास्कराचार्यांच्या ‘बीजगणित’ ग्रंथात (सुमारे ११५०) अव्यक्त राशींना यावत्तावत्, कालक, नीलक अशी नावे आहेत. लिहिताना या, का, नी. एका जातीच्या राशींची बेरीज-वजाबाकी करायची, भिन्न जातीच्या वेगळ्या ठेवायच्या, हा नियम तिथे स्पष्ट आहे. ‘या ३’ आणि ‘या २’ मिळून ‘या ५’. शेजारचा ‘का ४’ जागचा हलत नाही. ऋण संख्येच्या डोक्यावर टिंब, एवढीच खूण.

ही विद्या पंडितांपुरती होती, बाजारपेठेला तिचे काय, असा आक्षेप येईल. पाटणादेवीच्या १२०७ च्या सुमाराच्या शिलालेखात भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने त्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढल्याची नोंद आहे. म्हणजे अध्ययन चालू होते, पण ते मठात. हे मान्यच. तरी रुपये रुपयांखाली, आणे आण्यांखाली मांडणारा दुकानदार आणि खळ्यावर ज्वारीची रास बाजरीत मिसळू न देणारा शेतकरी जात ओळखूनच मोजत होते. फरक खरा आहे तो पुढे: १६ आणे झाले की रुपया हातचा जातो, ‘या’ कितीही साठले तरी ‘का’ होत नाहीत. ‘या’ आणि ‘का’ यांतले नातेच ठाऊक नसते. १९५७ मध्ये दशमान नाणी आली आणि आण्यांचा रकाना वह्यांतून हळूहळू गेला.