द्विधा आणि कोडे : मणी कौल यांचा ‘दुविधा’

एकाच कथेवर दोन चित्रपट निघावेत आणि त्यांच्या शीर्षकांतूनच दोन भिन्न दृष्टी उघड व्हाव्यात, असा योग क्वचित येतो. विजयदान देथा यांच्या राजस्थानी कथेवर मणी कौल (१९४४–२०११) यांनी १९७३ मध्ये ‘दुविधा’ केला, तर अमोल पालेकर यांनी २००५ मध्ये ‘पहेली’. कोडे घातले जाते ते सुटण्यासाठी. द्विधेला तशी सोय नसते.

कथा साधी आहे. व्यापाऱ्याचा मुलगा लग्न होताच नववधूला सोडून पाच वर्षांसाठी व्यापारास जातो. वाटेवरच्या झाडावरील भूत तिच्यावर भाळते आणि नवऱ्याचे रूप घेऊन घरी येते. मात्र तिच्यापासून ते सत्य लपवत नाही. निर्णय तिच्यावर सोपवणारे कथेत तेवढेच एक असते. पुढे खरा नवरा परततो. मेंढपाळ युक्तीने भुताला कातडी पिशवीत कोंडतो.

पुण्याच्या फिल्म संस्थेत ऋत्विक घटक यांचे विद्यार्थी असलेल्या कौल यांनी ‘उसकी रोटी’पासूनच कथानकाची गती मुद्दाम मोडली होती. ‘दुविधा’ त्यांनी देथांच्या बोरुंदा गावी चित्रित केला. चित्रकार अकबर पदमसी यांचे त्यास साहाय्य लाभले. नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांच्या छायाचित्रणात पांढऱ्या भिंती आणि तांबडी वस्त्रे वारंवार समोर येतात. मध्येच चित्र गोठते. पात्रे फारसा अभिनय करीत नाहीत. कथा सांगतो तो निवेदकाचा आवाज, आणि प्रतिमा त्याचे नुसते चित्र होण्याचे नाकारते. शब्द आणि दृश्य यांच्यामधील या फटीत आम्हांस त्या वधूचे मौन ऐकू येते.

‘पहेली’त भूत अखेरीस नवऱ्याच्याच देहात शिरते. नायिकेला तिचे प्रेम मिळते, आणि प्रेक्षकही सुटकेचा निःश्वास टाकतो. लोकप्रिय चित्रपटाची ही उदारता आम्ही कमी लेखत नाही. परंतु त्या सुटकेबरोबर तिला कधीही न विचारणारे घरही निर्दोष सुटते. कौल तिला त्याच घरात, न निवडलेल्या नवऱ्यासह ठेवतात. येथे संथपणा ही केवळ शैलीची हौस उरत नाही. उत्तर देण्याची घाई नाकारणे हीच त्यामागील नैतिक भूमिका ठरते.

‘दुविधा’साठी कौल यांना दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, सत्यजित राय यांच्यासारख्या श्रेष्ठ दिग्दर्शकाने मात्र या प्रयोगांवर कठोर टीका केली. हा चित्रपट सर्वांना रुचावा, असा आमचाही आग्रह नाही. पण माध्यमांतर शिकवताना ‘मूळ कथेशी किती प्रामाणिक?’ एवढेच विचारून आपण थांबतो, ते अपुरे आहे. कथेने मोकळा ठेवलेला प्रश्न चित्रपटाने मोकळा ठेवला की मिटवून टाकला, हेही विचारायला हवे.